ग्रिम बंधूंच्या कथांवर लघुप्रबंध: कोणता पाठ, कोणते अभ्यासग्रंथ?

मंजिरी_का
एम.ए.च्या लघुप्रबंधाचा विषय: ग्रिम बंधूंच्या कथांतली आई आणि सावत्र आई. जर्मन भाषेची बी२ पातळी झालीय, हाताशी चार महिने आहेत. मूळ पाठ कोणता धरू? अभ्यासग्रंथ कोणत्या क्रमाने वाचू?

अक्षरवेल
आधी आवृत्ती पक्की करा, या विषयात तर सगळी मदार तिच्यावरच आहे. पहिल्या आवृत्तीचे दोन खंड १८१२ आणि १८१५ चे. त्यानंतर दोघा भावांपैकी विल्हेल्म मजकुरावर हात फिरवतच राहिला, तो थेट १८५७ च्या सातव्या आवृत्तीपर्यंत. बाजारातली बहुतेक पुस्तकं या सातवीवरची. १८१२ मध्ये हिमगौरीच्या जिवावर उठते ती तिची सख्खी आई! ती सावत्र झाली १८१९ मध्ये. हॅन्सेल-ग्रेटेलची आई सावत्र व्हायला १८४० उजाडलं. त्यामुळे फक्त १८५७ चा पाठ घेऊन 'लोककथेतली सावत्र आई' असा निष्कर्ष काढलात, तर ते लोककथेबद्दल नाही, विल्हेल्मच्या लेखणीबद्दल होईल.

रापुन्झेलचे दोन पाठ शेजारी ठेवून बघा. १८१२ मध्ये ती मनोऱ्यात कोंडून ठेवणाऱ्या बाईला विचारते, माझे कपडे इतके घट्ट का होताहेत? झालं, गुपित फुटतं. १८५७ मध्ये ती त्याच बाईला म्हणते, राजपुत्रापेक्षा तुम्हाला वर ओढणं जड जातं. गरोदरपण पुसलं गेलं, पण शेवटची जुळी मुलं तशीच राहिली.

विकत एकच घ्यायचं तर हाइन्झ रोलेके यांनी संपादित केलेली रेक्लाम प्रकाशनाची तीन खंडांची आवृत्ती (१९८०). पाठ १८५७ चा, पण तिसऱ्या खंडात ग्रिम बंधूंच्या मूळ टिपा आणि कथा कुणाकडून मिळाली त्याच्या नोंदी आहेत. त्या वाचल्या की 'खेडुतांच्या तोंडून ऐकलेल्या शुद्ध जर्मन कथा' हा समज टिकत नाही. त्यांना कथा सांगणारी डोरोथेया फीमान ह्यूगनॉट, म्हणजे फ्रेंच प्रोटेस्टंट वंशाची होती, आणि रापुन्झेल तर छापील पुस्तकातून आली, जिचं मूळ १६९८ च्या फ्रेंच कथेत आहे.

पानगळ
वाचनाचा क्रम: आधी लोककथांचे अभ्यासक माक्स ल्यूथी यांचं पुस्तक (१९४७). लहान पुस्तक आहे, पण शैली कशी बघावी हे यातच कळतं. 'सात कावळे'मधली मुलगी काचेच्या डोंगराचं दार उघडायला स्वतःची करंगळी कापते. रक्त नाही, कळ नाही. या सपाटपणाला ल्यूथी शैलीचा नियम मानतात. म्हणून आईच्या क्रौर्याला लगेच मानसशास्त्र लावू नका. मग मारिया टाटार यांचं पुस्तक (१९८७), तुमच्या विषयाला सगळ्यांत जवळचं. ग्यॉटिंगनचा १५ खंडांचा कथाकोश सलग वाचायचा नाही, फक्त आई, सावत्र आई या नोंदी काढा.

क्रमांक देताना घोळ होतो. हॅन्सेल-ग्रेटेल ग्रिम यादीत १५, पण ऊटर यांच्या २००४ च्या कथाप्रकार सूचीत ३२७ए. ग्रिम क्रमांकही आवृत्तीशिवाय लिहू नका: १८१२ मधली २२ वी कथा १८१९ मध्ये वगळली आणि तो क्रमांक दुसऱ्याच कथेला गेला.

मंजिरी_का
१८१२ चा पाठ ऑनलाइन मिळेल?

अक्षरवेल
जर्मन विकिस्रोतावर आहे, तोच वापरा. स्कॅनमधून आपोआप काढलेल्या मजकुरात शोध घेऊ नका. फ्राक्टुर या जुन्या जर्मन छापील लिपीतला लांब 'एस' यंत्राला 'एफ' वाटतो. 'दुष्ट' या अर्थाचा 'ब्योझ' शोधाल तर मधला 'एस' बिघडल्याने सापडणारच नाही, आणि तो शब्द पाठात नाहीच असं तुम्ही लिहून बसाल.