मॅनोमीटर म्हणजे फक्त यू-नळी नाही
काही जण म्हणतात की मॅनोमीटर, म्हणजे दाब मोजायचं यंत्र, ही पारा नाहीतर पाणी भरलेली यू आकाराची नळीच, डायलवाल्याला प्रेशर गेजच म्हणायचं. इंजिनीअरिंगच्या पुस्तकांपुरतं हे बरोबर आहे पण वापरात इतकं कडक नाही. बीपी मोजायच्या यंत्राचं नाव स्फिग्मोमॅनोमीटर, आणि त्याच्या काट्याच्या डायलवाल्या प्रकारात द्रवाचा थेंबही नसतो तरी नाव तेच, रीडिंगही पाऱ्याच्या मिलिमीटरमध्येच. फ्रेंच आणि जर्मनमध्ये तर बूर्दाँ नळीच्या डायललाही सरळ मॅनोमीटरच म्हणतात. ती वाकवलेली चपटी नळी, दाब वाढला की सरळ व्हायला बघते आणि काटा फिरतो, १८४९ मध्ये फ्रान्सच्या यूजेन बूर्दाँने तिचं पेटंट घेतलं.

मला विचाराल तर नावापेक्षा यंत्र कशाच्या तुलनेत दाब दाखवतंय हे जास्त महत्त्वाचं. साधा गेज मोकळ्या हवेत शून्य दाखवतो, हवेचा दाब मोजणारा बॅरोमीटर तिथेच समुद्रसपाटीला पाऱ्याचे साधारण ७६० मिलिमीटर, म्हणजे जवळपास १ बार (बार हे दाबाचं एकक). म्हणजे गेजवर २ बार दिसला तर निरपेक्ष दाब, म्हणजे पूर्ण निर्वातापासून मोजलेला दाब, ३ बारच्या आसपास असतो, आणि गॅसच्या समीकरणात हाच ३ घालायचा, २ घातला तर सगळं गणित चुकतं.