मदत हवी आहे: डार्कवेव्हच्या बासचा नुसता चिखल होतोय

काजळी: मंडळी, चार दिवस डोकं आपटतोय. डार्कवेव्ह (उदास, थंड धाटणीचं इलेक्ट्रॉनिक संगीत) करतोय, त्यातल्या क्लॅन ऑफ झायमॉक्स या बँडसारखा बास हवाय, गार आणि घुमणारा. कोरस (सूर दुणावून पसरवणारा इफेक्ट) लावला, रिव्हर्ब (घुमारा) लावला. बास एकटा ऐकला की झकास, ड्रम आले की चिखल. काय चुकतंय? लवकर सांगा, रात्री ट्रॅक पाठवायचाय.

खर्ज: कुठला झायमॉक्स? १९८५चा पहिला अल्बम की १९८९चा 'ट्विस्ट ऑफ शॅडोज'? तोवर नावातलं 'क्लॅन ऑफ' गळलं होतं आणि आवाज बराच नाचरा, चकचकीत झाला होता. आणि बास म्हणजे गिटार की सिंथ (इलेक्ट्रॉनिक कीबोर्ड)?

जुनाखोड: सॉफ्टवेअरचा नाद सोडा, रोलंडचा जुनो-६० सिंथ घ्या. १९८२चं यंत्र. कोरसचं बटण दाबलं की विषय संपला. प्लगिनला (सॉफ्टवेअरमधल्या सिंथला) ती सर नाही.

खर्ज: त्यांचा कोरसनेच घात केलाय आणि तुम्ही आणखी कोरस सुचवताय! जुनोचा कोरसही खालचे सूर पसरवतोच.

जुनाखोड: वाजवलाय का कधी?

खर्ज: वाजवलाय, म्हणूनच बोलतोय.

मध्यरात्र: मोल्चात दोमा ऐका. मिन्स्कचा बँड, २०१७चा. ड्रम मशीन आणि बासवर गाणं कसं उभं राहतं ते कळेल.

पारवा: ते पोस्ट-पंक. डार्कवेव्ह नव्हे.

मध्यरात्र: झालं, आले लेबलवाले.

शीतल_छाया: आवाज खोल हवा असेल तर सकाळी उठल्या उठल्या गा. गळा तेव्हा आपोआप खाली असतो.

काजळी: ट्रॅकमध्ये गाणारं कुणी नाहीये हो. @खर्ज, १९८५चाच. बास कीबोर्डवर, प्रीसेट (आधीच बनवून ठेवलेला आवाज) आहे.

खर्ज: अशा प्रीसेटमध्ये पुष्कळदा आधीच कोरस असतो, वर तुझा दुसरा. रिव्हर्ब कुठे लावलायस?

काजळी: मास्टरवर, सगळे ट्रॅक एकत्र होतात तिथे. सगळ्यालाच मूड यावा म्हणून. हे सांगायला हवं होतं का?

खर्ज: पहिल्या ओळीत! किकसुद्धा (ड्रमचा खालचा ठोका) गुहेत वाजतेय तुझी. मास्टरवरचा रिव्हर्ब काढ, सेंडवर (इफेक्टसाठीच्या वेगळ्या वाटेवर) घे आणि त्यातलं ३०० हर्ट्झच्या खालचं कापून टाक. बासचे दोन ट्रॅक कर. साधारण १५० हर्ट्झच्या खालचं एकावर, मोनो (डावीउजवीकडे न पसरवता) आणि कोरडं, म्हणजे इफेक्टविना. वरचं दुसऱ्यावर, कोरस फक्त त्याला. शिवाय चाल एक सप्तक वर नेऊन बघ. या संगीतात बास बऱ्याचदा नुसता ठेका धरत नाही, धून वाजवतो. मग खालची जागा किकला मोकळी मिळते.

जुनाखोड: जुनोवर यातलं काही करावं लागत नाही.

काजळी: प्रीसेटमधला कोरस बंद केला, मास्टरवरचा रिव्हर्ब काढला. किक ऐकू आली!! पण बास अगदीच सुका वाटतोय. दोन ट्रॅक करतो आता. ते सेंड कुठे सापडतं?

खर्ज: कुठलं सॉफ्टवेअर वापरतोस, ते अजून सांगितलं नाहीस.