सलाम फय्याद: पाठीशी मोठा पक्ष नसताना पंतप्रधान कसे झाले?

अर्धवट_वाचक:
पॅलेस्टाइनवर वाचताना हे नाव सारखं आडवं येतंय. २००६च्या निवडणुकीत यांच्या पक्षाला १३२ पैकी जागा मिळाल्या २. एक यांची, दुसरी हनान अश्रावींची. आणि पुढच्याच वर्षी गडी थेट पंतप्रधान! ना फतहचा, ना हमासचा, म्हणजे तिथल्या दोन मोठ्या पक्षांपैकी कुठलाच नाही. मग आला कुठून, आणि २०१३ला गेला का?

ट्रेझरीवाले_काका:
माझी सगळी नोकरी कोषागारात गेली, त्यामुळे या माणसाकडे मी राजकारणी म्हणून पाहूच शकत नाही. माझ्या लेखी तो आमच्यातलाच, हिशेबनीस.

गाव वेस्ट बँकेतल्या तुलकरेमजवळचं. शिक्षण बैरूतला, अर्थशास्त्रात डॉक्टरेट टेक्सासला, मग आंतरराष्ट्रीय नाणेनिधीत नोकरी. १९९६ ते २००१ नाणेनिधीचा प्रतिनिधी म्हणून तो पॅलेस्टिनी भागाचं काम बघत होता, म्हणजे तिथले तेव्हाचे अध्यक्ष, फतहचे अराफत यांच्या वह्या बाहेरून बघून झाल्या होत्या. देणगीदार देशांनी हिशेबासाठी तगादा लावला तेव्हा, २००२मध्ये, अराफतांनी यालाच अर्थमंत्री केलं.

खरी गंमत पगाराची. सुरक्षा दलांचा पगार तेव्हा रोख. नोटांच्या पिशव्या कमांडरकडे जायच्या, वाटप त्याच्या हातून. खरी माणसं किती, नुसती यादीवरची किती, कोणाचे किती कापले, सगळं त्यालाच ठाऊक. मी लागलो तेव्हा आमच्याकडेही पगार रोखच असायचा, पण निदान पगारपत्रकावर रेव्हेन्यू स्टॅम्प चिकटवून सही घ्यायचे (डिंक ओला असताना सही केली की शाई फुटायची, मग हेडक्लार्कची बोलणी). फय्यादने पगार थेट शिपायाच्या बँक खात्यात टाकायला लावला. वाटतं कारकुनी काम, पण त्यानंतर शिपायाला कमांडरपुढे हात पसरायची गरज उरली नाही. विखुरलेला महसूलही त्याने एका सरकारी खात्यात आणला. नाणेनिधीनेच २००३मध्ये म्हटलं होतं की १९९५ ते २००० या काळात सुमारे ९० कोटी डॉलर अर्थसंकल्पाबाहेर, अराफतांच्या ताब्यातल्या खात्यात गेले.

त्यामुळे जून २००७मध्ये गाझा हमासच्या हाती गेल्यावर अराफतांनंतरचे अध्यक्ष, फतहचे अब्बास यांनी यालाच बोलावलं. देणगीदार ज्याच्या हाती डोळे मिटून पैसे देतील असा दुसरा होता कोण?

तिरकस_तात्या:
काका, पगाराचं मान्य. पण त्याच्या सरकारवर संसदेचं शिक्कामोर्तब कधी झालंच नाही. हमासचं बहुमत असलेली संसद भरतच नव्हती, कारभार चालायचा अब्बासांच्या फर्मानांवर. वर वेस्ट बँकेत हमासवाल्यांची धरपकड. निवडून आलेले तुरुंगात किंवा घरी, आणि २ जागांवाला खुर्चीत. तिथल्या माणसाला हे कसं पचावं?

ट्रेझरीवाले_काका:
तात्या, पचलं नाहीच. हिशेब चोख ठेवून मतं मिळत नाहीत.

आता २०१३चं. १९९४च्या पॅरिस करारानुसार आयात मालावरची जकात आणि कर इस्रायल गोळा करायचा आणि ३ टक्के कापून दर महिन्याला रामल्लाला, म्हणजे पॅलेस्टिनी सरकारला पाठवायचा. उत्पन्नाचा मोठा भाग हाच. म्हणजे वह्या फय्यादच्या, तिजोरीची किल्ली दुसऱ्याच्या कमरेला. २००९मध्ये त्याने दोन वर्षांत राज्याच्या संस्था उभ्या करायची योजना मांडली. २०११ला जागतिक बँक, नाणेनिधी, संयुक्त राष्ट्रं सगळ्यांनी पास केलं. पण राज्य काही मिळालं नाही. सप्टेंबर २०१२मध्ये महागाईवरून लोक रस्त्यावर आले, ते त्याच्याच नावाने बोंबलत. नोव्हेंबरात संयुक्त राष्ट्रांत पॅलेस्टाइनचा दर्जा वाढला, लगेच इस्रायलने पैसे रोखले, शिक्षकांपासून सगळ्यांचे पगार रखडले. फतहला बळीचा बकरा आयताच मिळाला.

शेवटची ठिणगी अगदीच ऑफिसातली वाटावी अशी. मार्च २०१३मध्ये अर्थमंत्री नबील कसीस यांनी राजीनामा दिला. फय्यादने तो घेतला, अब्बास म्हणाले घ्यायचा नाही. एप्रिलमध्ये फय्यादनेच राजीनामा दिला.

अर्धवट_वाचक:
आभार काका! मग घरीच बसला का?

तिरकस_तात्या:
याचं उत्तर मी देतो. २०१७मध्ये संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस गुटेरेस यांनी त्याचं नाव लिबियातल्या दूतपदासाठी पुढे केलं. जन्मभर 'अमेरिकेचा माणूस' म्हणून शिव्या खाल्लेल्या या गड्याला अडवलं कोणी? अमेरिकेनेच. तिच्या संयुक्त राष्ट्रांतल्या तेव्हाच्या राजदूत निकी हेली म्हणाल्या, संयुक्त राष्ट्रं आधीच पॅलेस्टिनींना झुकतं माप देतात.