गेमच्या सूचना बंद करण्याचे काम नेमके कोणाचे?

हळदवाला (गणपती पेठ, सांगली):
गोडोलीच्या एका निवृत्त शिक्षकांनी काल असे लिहिले होते की, "गेमच्या सूचना नको असतील तर त्या बंद कराव्यात, ते दोन मिनिटांचे काम आहे, ज्याला तेवढेही करायचे नाही त्याने दुसऱ्याच्या खेळण्याबद्दल कुरकुर करू नये." सरांविषयी मला आदर आहे, पण हे वाक्य रात्रभर टोचत राहिले, म्हणून सविस्तर लिहितो.

ज्याला रस्ता माहीत आहे त्यालाच ते काम दोन मिनिटांचे वाटते. माझ्यासारख्याला आधी हे शोधावे लागते की सूचना येते कोठून. एक समाजमाध्यमाच्या आत घंटेच्या चिन्हावर येते, दुसरी फोनच्या पडद्यावर वरून उतरते, तिसरी ईमेलने येते आणि चौथी ओळखीच्या माणसाचे नाव लावून येते. चौघींची बटणे चार ठिकाणी आहेत.

जुलै 2021 मध्ये कोयना धरणातून विसर्ग वाढला आणि सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी भराभर चढू लागले. 2019 च्या पुरात तेथे पाणी 57 फुटांच्या पुढे गेले होते, तेव्हापासून आमच्या पेठेने एक शिस्त लावून घेतली आहे : 40 फुटांच्या इशारा पातळीचा निरोप आला की तळमजल्यावरचा माल माडीवर चढवायचा, 45 ची धोका पातळी येईपर्यंत थांबायचे नाही. त्या संध्याकाळी माझा फोन दर दहा मिनिटांनी वाजत होता आणि प्रत्येक वेळी धडधडत्या छातीने पाहावे तर कोणाला तरी गेमसाठी 'लाइफ', म्हणजे खेळण्याची आणखी एक संधी, हवी असायची. शेवटी वैतागून मी आवाज बंद केला आणि शेजाऱ्यांचा निरोप पावणेतीन तासांनी पाहिला. अकरा पोती हळद भिजली. आवाज माझ्याच हाताने बंद झाला होता, हे मी नाकारत नाही; परंतु तो बंद करावासा वाटण्याइतका त्रास मला कोणी दिला, हेही विचारले गेले पाहिजे.

हा त्रास थांबवणे कंपन्यांच्या हातात नाही असेही नाही. 2009 मध्ये फेसबुकवर फार्मव्हिल हा शेतीचा गेम आला आणि कोणाचे पीक सुकले, कोणाची गाय हरवली, याच्या वार्तांनी पडदे भरून गेले. लोक इतके कंटाळले की 2010 मध्ये फेसबुकने स्वतःच ॲप्सना तशा सूचना पाठवण्यास बंदी केली. पुढे कँडी क्रश या गेमच्या विनंत्या सुरू झाल्या. ऑक्टोबर 2015 मध्ये फेसबुकचे मार्क झुकरबर्ग दिल्लीच्या आयआयटीत प्रश्नोत्तरांसाठी आले, तेव्हा या विनंत्या कशा थांबवायच्या या प्रश्नाला सर्वांत जास्त पसंती होती आणि त्यांनीही तो हसण्यावारी न नेता आपल्या माणसांना त्यावर काम करण्यास सांगितले. जो प्रश्न मालकाला मान्य आहे, तो सरांना कुरकुर का वाटावा?

निवृत्त शिक्षक (गोडोली, सातारा):
आपल्या नुकसानीचे मला मनापासून वाईट वाटते. तरीही सांगतो की गेमच्या सूचनांसाठी सगळ्या फोनचाच आवाज घालवणे म्हणजे आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. मी दर शनिवारी साताऱ्यातील निवृत्त मंडळींना फोन वापरायला शिकवतो. त्यांत सत्त्याहत्तर वर्षांच्या एक आजी आहेत, त्यांनी फेसबुकच्या सेटिंग्जमध्ये जाऊन 'ॲप्स आणि वेबसाइट' या भागातले गेमच्या सूचनांचे बटण स्वतः बंद केले. फोनवर वरून उतरणारी सूचना बोटाने दाबून धरली की तेथेच ती बंद करण्याचा पर्याय येतो, हेही त्या शिकल्या. त्यांना जे जमले ते पेठेत व्यापार करणाऱ्या माणसाला जमू नये, हे पटत नाही. आपण हिशोबाची वही दुसऱ्याकडून लिहून घेतो का?

पाटणकर:
पुराचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. दर वेळी कोयनेच्या विसर्गाकडे बोट दाखवले जाते. आम्ही धरणाच्या अंगणात राहतो, पाऊस किती पडतो ते आम्हाला विचारा. खाली कर्नाटकात कृष्णेवरच्याच अलमट्टी धरणाची पातळी 519.60 मीटरवरून 524.256 मीटरवर नेण्याचा घाट घातला आहे, त्यावर सांगलीकरांनी आधी बोलावे.

हळदवाला:
दादा, अलमट्टीवर सांगलीकर बोलत आहेत आणि बोलतच राहतील, पण तो आजचा विषय नाही. मी कोयनेला दोष दिलेला नाही. पाणी येणार हे सांगणारा निरोप माझ्यापर्यंत का पोहोचला नाही, एवढेच मी सांगत आहे.

मोबाइल दुरुस्ती (मिरज):
सरांचे बरोबर आहे, पण अर्धेच. त्या भागात दोन बटणे जवळजवळ आहेत. एक फक्त गेम आणि ॲपच्या सूचनांचे आहे. दुसरे सर्व ॲप्स आणि वेबसाइटशी असलेला संबंधच तोडते. माझ्या एका गिऱ्हाइकाने घाईत दुसरे दाबले आणि ज्या ज्या ठिकाणी ते त्याच खात्याने प्रवेश करत होते, ती सर्व दारे एकदम लागली. ते दोन दिवस फोन बिघडला असे समजून फिरत होते.

फोनचेही तसेच आहे. अँड्रॉइड 8 पासून, म्हणजे 2017 पासून, एकाच ॲपच्या सूचना प्रकारवार वेगळ्या करता येतात, त्यामुळे जाहिराती बंद करून कामाचे निरोप चालू ठेवता येतात. अँड्रॉइड 13 पासून, म्हणजे 2022 पासून, नव्या ॲपला सूचना पाठवण्याआधी परवानगी मागावी लागते. परंतु माझ्या टेबलावर जे फोन येतात त्यांतले कितीतरी त्याहून जुने असतात आणि त्यांच्यावर ॲप टाकले की सूचना न विचारता सुरू होतात. नवा फोन घेणाऱ्याला विचारायचे आणि जुना वापरणाऱ्याला विचारायचे नाही, असा हा प्रकार झाला आहे.

विश्रामबागची सून (सांगली):
तुम्ही सर्वजण बटणांवर बोलत आहात. माझ्या घरी विनंत्या पाठवणाऱ्या माझ्या आतेसासूबाई आहेत. दिवसाला आठ-दहा विनंत्या येत. सर सांगतात तसेच मी केले, म्हणजे दोन मिनिटांत त्यांना ब्लॉक केले. पंधरा दिवसांनी त्यांनी माझे फोटो शोधले, ते दिसले नाहीत, आणि दिवाळीला आमच्याकडे येण्याचे त्यांनी टाळले. त्या दोन मिनिटांच्या कामाने दीड वर्ष अबोला झाला आहे.

कऱ्हाडकर:
ताई, स्पष्ट बोलतो, राग मानू नका. वडीलधाऱ्या माणसाला ब्लॉक करणे म्हणजे त्याच्या तोंडावर दार लावणे आहे. फोन उचलून "आत्याबाई, मला गेम जमत नाही" एवढे सांगता आले असते. हल्ली माणसांशी बोलण्याऐवजी बटण दाबण्याची सवय लागली आहे आणि त्यातूनच घरे तुटत आहेत.

विश्रामबागची सून:
घरे माझ्यामुळे तुटत आहेत, हे तुम्ही कऱ्हाडात बसून कसे ठरवलेत? सुनेने आतेसासूबाईंना फोन करून "मला पाठवू नका" असे सांगायचे आणि त्यांनी ते सरळ मनाने घ्यायचे, हे तुमच्या घरात होत असेल. माझ्या यजमानांना मी तीन वेळा सांगितले की तुमची आत्या आहे, तुम्ही बोला. ते म्हणाले, "दुर्लक्ष कर." दुर्लक्ष करण्याचे काम नेहमी आमच्याकडेच का येते?

वाईची लेक (सध्या पुणे):
मी या विनंत्यांच्या बाजूने बोलणार आहे. माझी आई वाईत एकटी राहते. गुडघ्यांमुळे तिला घाटावर जाणे होत नाही. तिच्या हाताला गेम लागला तो मीच लावून दिला. तिची पहिली विनंती सकाळी साडेसहाच्या सुमारास येते आणि ती आली की मला कळते, आई उठली, चहा झाला, चष्मा सापडला. गेल्या श्रावणात एक दिवस आठ वाजले तरी काही आले नाही, म्हणून मी शेजारच्या काकूंना फोन केला. आई तापाने अंथरुणात होती आणि मला काळजी नको म्हणून गप्प होती. तुम्ही ज्याला कटकट म्हणता ती माझ्यासाठी तिची हाक आहे. आतेसासूबाई दिवसाला आठ वेळा विनंती पाठवत होत्या, तेव्हा त्यांच्याशी दिवसाला एकदा तरी कोणी बोलत होते का, हे मला विचारावेसे वाटते.

कऱ्हाडकर:
हेच मला म्हणायचे होते.

विश्रामबागची सून:
तुम्हाला हे म्हणायचे नव्हते, तुम्हाला मला बोल लावायचा होता. वाईच्या ताईंना उत्तर देते. नाही, कोणी बोलत नव्हते. मीही बोलत नव्हते. सकाळी डबे, नंतर शाळा, दुपारी शिकवणी, यात त्यांची विनंती मला माणसाकडून आल्यासारखी वाटतच नव्हती, कारण प्रत्येक वेळी शब्द तेच, चित्र तेच, फक्त वर त्यांचे नाव.

हळदवाला:
ताईंनी नेमके शेवटच्या वाक्यात बोट ठेवले आहे. वाईच्या मातोश्रींची हाक मी समजू शकतो, पण ती हाक त्यांनी स्वतःच्या शब्दांत मारलेली नाही. कँडी क्रशमध्ये पाच लाइफ असतात आणि संपलेली एक परत मिळण्यास तीस मिनिटे लागतात. ज्याला तेवढा वेळ थांबवत नाही त्याच्यासमोर मित्रांची यादी ठेवली जाते, आणि फेसबुकवर तर पुढच्या टप्प्यात जाण्यासाठीही तीन मित्रांची मदत मागावी लागत असे. म्हणजे म्हाताऱ्या माणसाचा एकटेपणा कंपनीने निर्माण केला नसला, तरी त्याच्या जिवावर आपली जाहिरात नात्यागोत्यांत फुकट फिरवली. लेकीला आईची खुशाली कळते ती कंपनीच्या उपकाराने कळते असे मी कधीही मान्य करणार नाही.

वाईची लेक:
मी उपकार म्हटलेले नाही, शेठ. तुम्ही माझ्या आईला कोणाच्या तरी हातचे बाहुले ठरवत आहात, ते मला लागले. तिला कळते ती काय पाठवते ते.

हळदवाला:
मातोश्रींबद्दल माझा शब्द कठोर गेला असेल तर तो मी मागे घेतो. कंपनीबद्दलचा एकही शब्द मागे घेत नाही. नको असलेल्या जाहिरातींचे फोन आणि एसएमएस थांबवण्यासाठी आपल्याकडे 1909 हा क्रमांक आहे, तेथे एकदा सांगितले की ते सर्व कंपन्यांना लागू होते. ॲपच्या सूचनांना तसे एकही दार नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने 30 नोव्हेंबर 2023 रोजी ग्राहकाला फसवणाऱ्या 13 क्लृप्त्यांची यादी नियमांत घातली, तिच्यात वारंवार टोकत राहणे हीसुद्धा एक आहे. जे सरकारी नियमांत चूक म्हणून लिहिले गेले, ते सहन करायला सर मला का सांगतात?

कऱ्हाडकर:
नियमांचे कौतुक मला सांगू नका. माझ्या पुतण्याला रमीच्या सूचना यायच्या, "तुमच्या खात्यात बोनस जमा झाला आहे" अशा. त्याने ट्रॅक्टरच्या हप्त्याचे पैसे त्यात घातले. पैशांच्या ऑनलाइन खेळांवर आणि त्यांच्या जाहिरातींवर बंदी घालणारा कायदा ऑगस्ट 2025 मध्ये झाला, तोवर हप्ता थकून ट्रॅक्टर गेला होता. तुम्ही लाइफ मागण्यावर भांडत बसला आहात.

निवृत्त शिक्षक:
पुतण्याच्या बाबतीत आपला संताप रास्त आहे आणि तो कायदा आधीच व्हायला हवा होता. पण लाइफ मागणारा गेम आणि रमी यांना एका मापाने मोजू नये. हळदवाल्यांना एवढेच सांगतो की मी सहन करा असे म्हटलेले नाही, बंद करा असे म्हटले आहे. पुराच्या निरोपासाठी शासनाची व्यवस्थाही आता आहे. 2023 मध्ये देशात ठिकठिकाणी लोकांच्या फोनवर कर्कश आवाजात चाचणीचा इशारा वाजला होता, त्याला कोणत्याही ॲपच्या सूचनांच्या बटणाची गरज नाही.

हळदवाला:
तो इशारा 2021 मध्ये नव्हता. आणि तो शहराला सांगेल. माझ्या बोळात पाणी किती वाजता शिरेल ते मला शेजारीच सांगतो.

मोबाइल दुरुस्ती (मिरज):
विश्रामबागच्या ताईंसाठी एक गोष्ट राहिली. माणसाला ब्लॉक करणे आणि त्या माणसाकडून येणारी गेमची आमंत्रणे ब्लॉक करणे, या फेसबुकवर दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ब्लॉकिंगच्या यादीत आमंत्रणांचा कप्पा स्वतंत्र आहे. त्यात नाव घातले की विनंत्या थांबतात, मैत्री राहते, फोटो दिसत राहतात आणि समोरच्याला काही कळवले जात नाही. गेम एकच असेल तर तेवढा गेमही ब्लॉक करता येतो.

विश्रामबागची सून:
हे मला दीड वर्षापूर्वी कोणी सांगितले असते तर! सर, तुमच्या "दोन मिनिटांत" हा फरक कोठे होता?

निवृत्त शिक्षक:
नव्हता. माझ्या शनिवारच्या पाटीवर तीन पायऱ्या लिहिलेल्या असतात आणि त्यांत आमंत्रणांच्या कप्प्याचा उल्लेख नाही, कारण तो मलाही माहीत नव्हता. मिरजेच्या दादांनी सांगितलेली दोन बटणांची जागाही मी वर्गात वेगळी करून दाखवत नसे. एवढे मी मान्य करतो. बंद करण्याची जबाबदारी आपलीच आहे, हे माझे मत मात्र कायम आहे.

हळदवाला:
मान्य करायचेच तर मीही एक करतो. सरांनी सांगितलेले बटण काल रात्री बंद केले आणि घंटेवरच्या विनंत्या खरोखर थांबल्या. पण आज सकाळी दुकान उघडताना फोन वाजला, तो मुलाने माझ्या फोनवर टाकलेल्या गेमचा होता. त्याचे बटण आता शोधायचे आहे. पावसाळ्याच्या आत ते सापडले पाहिजे.

मोबाइल दुरुस्ती (मिरज):
शेठ, सोमवारी मिरजेला या, फोन घेऊन. ताई, तुम्ही आधी आतेसासूबाईंना अनब्लॉक करा, पण पुन्हा मैत्रीची विनंती तुम्हालाच पाठवावी लागेल. ती आपोआप परत येत नाही.

विश्रामबागची सून:
पाठवली आहे. अजून स्वीकारलेली नाही.