टर्की घालून पास्ता बेक: कोरडा होऊ नये म्हणून

टर्कीचा खिमा घातला की बेक केलेला पास्ता कोरडा होऊ शकतो. खिम्याच्या पाकिटावरचा आकडा बघा. ९९ टक्के लीन (म्हणजे जवळजवळ चरबीच नसलेला) असेल तर भुसाच होतो; ९३ टक्केवाला घ्या. मश्रूम अगदी बारीक चिरून त्याच्याबरोबरच परता, ओलावा राहतो आणि खिमाही कमी लागतो. झुकिनी (काकडीसारखी दिसणारी भाजी) घालणार असाल तर ती मात्र किसून, मीठ लावून घट्ट पिळायचीच, नाहीतर तळाशी पाणी साचतं. पास्ता पूर्ण शिजायच्या दोन मिनिटं आधीच निथळा, उरलेला सॉसमध्ये शिजतो. रिकोटा या मऊ चीजऐवजी मिक्सरमधून फिरवलेलं कॉटेज चीज छान लागतं. ३७५ फॅरनहाइटला अर्धा तास पुरे, मोझरेला शेवटच्या १० मिनिटांत, फक्त वरून. आणि चिली फ्लेक्स सढळ हाताने घाला, टर्की बिचारी फारच मिळमिळीत!