इवाई फक्त देखणा नाही

जपानी दिग्दर्शक शुंजी इवाई म्हणजे 'नुसती सुंदर दृश्यं आणि हळवं संगीत' असं काही जण म्हणतात, ते मला अजिबात पटत नाही. त्याच्या 'लव्ह लेटर' (१९९५) या चित्रपटावरून तसं वाटू शकतं. त्यातलं बर्फातलं ओतारू शहर आहेच तसं. पण २००१ चा 'ऑल अबाउट लिली चू-चू' जरूर बघा.

ही गोष्ट आधी इंटरनेटवर कादंबरी म्हणून आली, आणि तीही एका मेसेज बोर्डावर, जिथे वाचकही लिहीत होते. चित्रपटात तेच मेसेज पडद्यावर टाइप होत जातात. शाळेत युइची या मुलाचा अनन्वित छळ होतो, चोऱ्या करायला लावतात, आणि हा पोरगा हिरव्यागार भातशेतात कानाला हेडफोन लावून लिली चू-चू या काल्पनिक गायिकेची गाणी ऐकत उभा राहतो. पार्श्वभूमीला फ्रेंच संगीतकार देब्युसीचा पियानो. (पाहिला नसेल तर पुढचं वाक्य सोडा.) बोर्डावर टोपणनावाने त्याला धीर देणारा आणि शाळेत छळणारा मुलगा एकच निघतो. आता सांगा, यात हळवं काय आहे? ते शेत सुंदर दिसतं म्हणूनच तो छळ जास्त अंगावर येतो.

नोबोरू शिनोदांचं छायाचित्रण तर विसरूच नका. डिजिटल कॅमेरा तेव्हा नवा होता, त्यावर त्यांनी तो उजेड पकडला. २००४ मध्ये ते गेले. त्याच वर्षीचा 'हाना अँड अ‍ॅलिस'ही त्यांनीच टिपलेला. तो बराच हलकाफुलका आहे.

सुरुवात मात्र 'लिली'पासूनच करा, आणि शक्यतो हेडफोन लावून.