बोस्नियन कथा-कादंबऱ्या: सुरुवात कुठून करावी?

नेरूळकरीण

आमच्या सोसायटीत दर महिन्याच्या शेवटच्या रविवारी वाचनकट्टा भरतो. बहुतेक सगळे साठीच्या पुढचे. एक देश घ्यायचा, त्यातली एक-दोन पुस्तकं वाचायची, चहा प्यायचा आणि मग पुस्तक सोडून बाकी सगळ्यावर बोलायचं, असा शिरस्ता. यंदा कुणीतरी बोस्निया काढलं. नव्वदच्या दशकात तिथे युद्ध पेटलं तेव्हा दूरदर्शनवर रोज सारायेव्हो, सारायेव्हो (तिथली राजधानी) ऐकलेलं, त्यामुळे सगळ्यांनी माना डोलावल्या.

पंचाईत अशी की आमच्यातले एक सर आयुष्यभर इतिहास शिकवून निवृत्त झालेत. त्यांनी तयारी म्हणून तक्ता करून आणला, ऑटोमन, ऑस्ट्रिया-हंगेरी, टिटो, सर्ब, क्रोएट, बोस्नियाक, रंगीत बाणांसकट. तासभर समजावलं. शेवटी एका काकूंनी विचारलं, "मग यातले आपण कोणाच्या बाजूचे?" तिथे सभा संपली.

सरांचं म्हणणं, आधी युद्ध का झालं ते कळल्याशिवाय कथा कळायच्या नाहीत. मला वाटतं असं केलं तर कथांपर्यंत आम्ही पोचणारच नाही. इंग्रजीतून वाचायला हरकत नाही, फक्त हळूहळू वाचतो. फार रक्तपात नको, दोघींना रात्री झोप लागत नाही. कुठून सुरुवात करू?

इंजिनरूम

ताई, सरांना म्हणावं तक्ता घडी घालून ठेवा, शेवटी लागेल.

मी साहित्यातला नाही. जहाजावर इंजिनिअर होतो, आता पाचपाखाडीत घरी बसून वाचतो. ही पुस्तकं हाती लागली ती एका फिटरमुळे. नव्वदच्या दशकात आमच्या एका जहाजावर तूझ्लाचा फिटर होता आणि नोवी सादचा इलेक्ट्रिशियन. म्हणजे एक बोस्नियाचा, एक सर्बियाचा, आणि दोघांच्या घरची माणसं त्या वेळी युद्धाच्या दोन बाजूंना. जेवायला मात्र एकाच टेबलावर. बोलायचे, चिडवायचे, फुटबॉलवरून भांडायचे. मेसमध्ये रेडिओवर बातम्या लागल्या की इलेक्ट्रिशियन उठून कॉफी करायला जायचा, आणि फिटरचा कपही न विचारता भरून आणायचा. एकदा पंप उघडून बसलो होतो तेव्हा मी फिटरला विचारलं, तुमच्याकडे नेमकं बिनसलं कुठे? त्याने उलट मलाच विचारलं, तुझ्या बिल्डिंगमध्ये कोण कोण राहतं? मी मजल्यावारी सांगितलं. "आमच्याकडेही तसंच होतं," म्हणाला, आणि गॅस्केट मागितलं.

म्हणून माझं मत, "का झालं" हा प्रश्न घेऊन या पुस्तकांकडे जाऊ नका. त्याचं उत्तर कादंबरीकार देत नाहीत, आणि जे देतात त्यांच्यावर मी विश्वास ठेवत नाही. दिवस कसा जात होता ते वाचा.

सुरुवात मिल्येन्को येर्गोविचच्या 'सारायेव्हो मार्लबोरो'ने करा. छोट्या छोट्या कथा, काही चार पानांच्या. हा माणूस सारायेव्होतच १९६६ साली जन्मलेला, शहराला बोस्नियन सर्ब सैन्याचा वेढा पडल्यावर १९९३ पर्यंत तिथेच होता, मग क्रोएशियात झाग्रेबला गेला. पुस्तक १९९४ चं, म्हणजे वेढा उठायच्या आधी छापलेलं. त्यामुळे पुढे काय होणार हे लिहिणाऱ्यालाही ठाऊक नाही, आणि ते प्रत्येक पानावर जाणवतं. नंतर लिहिलेल्या युद्धकथांमध्ये एक शहाणपणा येतो, तो इथे नाही.

वेढा म्हणजे काय हे आपल्याकडच्या माणसाला पटकन कळावं म्हणून सांगतो. ठाण्यातल्या येऊरच्या डोंगरावर तोफा आणि नेमबाज बसलेत, खाली वर्तकनगरात तुम्ही दूध आणायला निघालात. सारायेव्हो तसंच दरीत आहे, चारी बाजूंनी डोंगर. एप्रिल १९९२ ते फेब्रुवारी १९९६, १,४२५ दिवस. वीज नाही, नळाला पाणी नाही. बिअरच्या कारखान्याला स्वतःचा झरा होता, तिथे कॅन घेऊन रांगा लागत. जळणासाठी बागांमधली झाडं तुटली. पुढे २०१२ मध्ये, वेढ्याला वीस वर्षं झाली तेव्हा, वेढ्यात मेलेल्या प्रत्येकासाठी एक अशा ११,५४१ लाल खुर्च्या मुख्य रस्त्यावर मांडल्या होत्या. मुलांसाठी लहान खुर्च्या.

येर्गोविच यातलं जवळजवळ काहीच सांगत नाही. तो एका निवडुंगाची गोष्ट सांगतो. मैत्रिणीने दिलेलं रोप, उन्हाच्या दिशेने कलणारं. लोक तळघरात राहायला जातात, रोपही जातं, आणि थंडीने मरतं. बस. इतकी माणसं मरत असताना हा कुंडीसाठी हळहळतो, म्हणून पहिल्यांदा मला राग आला होता. दोन दिवसांनी वॉशिंग मशीन लावताना लक्षात आलं की मी अजून त्या कुंडीचाच विचार करतोय. पुस्तकाचं नाव आलंय ते कबरी खणणाऱ्याच्या कथेतून. तो अमेरिकन पत्रकाराला सांगतो की सिगारेट कंपनीने इथल्या लोकांच्या चवीप्रमाणे खास मिश्रण बनवलं होतं, ती ही मार्लबोरो. पत्रकाराला हवी असते युद्धाची बातमी, आणि हा तंबाखूवर बोलत राहतो. शेवटची कथा घरोघरच्या पुस्तकांच्या कपाटांची. ऑगस्ट १९९२ मध्ये तिथलं राष्ट्रीय ग्रंथालय तोफांनी पेटवलं, लाखो पुस्तकं गेली. ती कथा कट्ट्यावर मोठ्याने वाचा, पुस्तकवाल्या माणसांना वेगळं काही सांगावं लागणार नाही.

त्यानंतर अलेक्सांदर हेमोन. हा १९९२ मध्ये थोड्या दिवसांसाठी अमेरिकेला गेला आणि शिकागोत असताना मागे सारायेव्होला वेढा पडला. परतायचं राहिलंच. तिशीकडे झुकलेला माणूस, पडेल ते काम करत नव्या भाषेत लिहायला शिकला, आणि २००० मध्ये 'द क्वेश्चन ऑफ ब्रूनो' आलं. त्यातल्या 'अ कॉइन' या कथेची सुरुवात गणिताच्या पुस्तकातल्या उदाहरणासारखी आहे. अ बिंदूपासून ब बिंदूपर्यंत जायचंय, मधली जागा नेमबाजाला स्वच्छ दिसते. तुमच्या सरांना आवडेल. त्याच पुस्तकात योझेफ प्रोनेक नावाच्या पोराची लांब कथा आहे, शिकागोत कामं शोधत फिरणारा, घर टीव्हीवर बघणारा. विनोदी आहे, खरोखर हसू येतं. दुबईत किंवा न्यू जर्सीत मूल असलेल्या आईबापांनी वाचावी.

आणि इवो आन्द्रिचच्या 'द ब्रिज ऑन द द्रिना'ने सुरुवात करू नका. नोबेल (१९६१) बघून सगळे तिकडेच धावतात. थोर कादंबरी आहे, द्रिना नदीवरच्या एका पुलाची आणि त्याच्या गावाची शेकडो वर्षांची गोष्ट, पण ती संपते १९१४ मध्ये. लोक ती वाचून "अच्छा, म्हणजे हे शेकडो वर्षांपासूनच असं आहे" म्हणून मोकळे होतात. माझ्या फिटरचं आणि इलेक्ट्रिशियनचं तसं नव्हतं. मग १९९२ मध्ये ज्यांनी ठरवून तोफा डोंगरावर चढवल्या त्यांना सूट मिळते आणि दोष जातो इतिहासाच्या डोक्यावर.

नौपाड्याचा_बोका

वरच्या प्रतिसादाशी बराचसा सहमत, आन्द्रिचबद्दल अजिबात नाही.

वाचकाने चुकीचा अर्थ काढला तर पुस्तकाने मागे का बसायचं? त्या पुलाच्या मधोमध एक कट्टा आहे, दगडी बाकं असलेला. अर्धी कादंबरी तिथे बसून गप्पा मारणाऱ्यांची आहे: तुर्क, सर्ब, ज्यू, सगळे. नदीला पूर येतो तेव्हा सगळ्या धर्मांचे पुढारी एकाच घरात बसून जुन्या गोष्टी सांगत रात्र काढतात. हे "शेकडो वर्षांचं वैर" आहे का? मी कॉलेजात असताना मराठी ग्रंथ संग्रहालयात बसून वाचली होती, आणि युद्धाची बातमी कळायच्या आधी ते गाव माझ्या ओळखीचं झालं होतं. तोच फायदा.

एवढं मात्र खरं की सुरुवातीला एका माणसाला सुळावर देण्याचं प्रकरण आहे, अगदी तपशीलवार. झोप न लागणाऱ्या दोघींना ती पानं उलटायला सांगा.

इंजिनरूम

बोकेराव, पुराची रात्र मान्य. पण क्रम बदलून बघा. त्याच गावचा, विशेग्रादचा, साशा स्तानिशिच आहे. १९७८ चा जन्म, चौदाव्या वर्षी आईवडिलांबरोबर जर्मनीला पळाला, आता जर्मनमध्ये लिहितो. त्याच्या 'हाउ द सोल्जर रिपेअर्स द ग्रामोफोन'मध्ये (२००६) तोच पूल, तीच द्रिना, पण एका मुलाच्या नजरेतून, जो नदीशी बोलतो आणि मासे धरतो. १९९२ मध्ये त्याच पुलावर माणसं मारून नदीत टाकली. हे डोक्यात ठेवून मग आन्द्रिचच्या कट्ट्यावर बसा. मी तसं केलं. दुसऱ्या वाचनात पुलाचं बांधकाम कौतुकाने वाचवेना.

आन्द्रिच आधी वाचला की पूल नायक होतो. स्तानिशिच आधी वाचला की नायक तो मुलगा, आणि पूल नुसता पूल. माझं भांडण एवढ्याचसाठी.

घोडबंदर_रात्री_नऊ

काका, यादी छान, पण एकही बाई नाही?

लाना बास्ताशिच वाचा, 'कॅच द रॅबिट'. २०२० चा युरोपियन युनियनचा साहित्य पुरस्कार मिळालाय. डब्लिनमध्ये सुखात राहणाऱ्या सारा नावाच्या बाईला बारा वर्षांनी बालमैत्रीण लेय्लाचा फोन येतो: ये, मला गाडीने मोस्तारहून व्हिएन्नाला सोड, माझा भाऊ सापडलाय. भाऊ युद्धात नाहीसा झालेला. पुढे सगळा प्रवास आणि दोघींची भांडणं. तोफ एकही उडत नाही, पण सारा सर्ब घरातली आणि लेय्ला मुसलमान घरातली, हे एकदा लक्षात आलं की शाळेतल्या आठवणींमध्ये कोण काय सांगायचं टाळतंय ते दिसायला लागतं. सारा निवेदिका आहे, तिच्यावर फार विश्वास ठेवू नका. मला पुस्तकाच्या मध्यावर ती आवडेनाशी झाली, आणि लेखिकेला तेच हवं असावं.

आल्मा लाझारेव्स्काचा 'डेथ इन द म्युझियम ऑफ मॉडर्न आर्ट' पण बघा. वेढ्यातल्या घरातल्या कथा, अगदी शांत आवाजात. मी बसमध्ये वाचायला घेतला आणि दोनदा स्टॉप चुकला. मानपाड्याचा ट्रॅफिक असूनही.

इंजिनरूम

बाई नाही हे बरोबर पकडलंस. बास्ताशिच मागवतो. लाझारेव्स्का माझ्याकडे आहे, ताईंना हवं तर देईन.

कोपरीवाला

मी यातलं एकच वाचलंय, स्तानिशिच, पण लिहावंसं वाटलं.

आम्ही सिंधी, जन्म कोपरी कॉलनीतला, शाळा मराठी. आजी हैदराबादची, सिंधमधल्या. तिला शाही बाजारातली दुकानं ओळीने पाठ होती, आणि तिच्या बहिणीलाही. बहीण उल्हासनगरला राहायची. दिवाळीला भेटल्या की मिठाईवाला उजवीकडे होता की डावीकडे यावर दोघी भांडायच्या. खरं कडाक्याचं भांडण, बोलणं बंद होईपर्यंत. आम्ही पोरं हसायचो. जाऊन बघून येणं शक्यच नव्हतं, त्यामुळे निकाल कधी लागला नाही.

त्या कादंबरीत तो मुलगा जर्मनीतून परत गावी जातो तेव्हा याद्या घेऊन जातो. काय काय होतं, कोण कोण होतं. आणि यादी आणि गाव जुळत नाही. तिथे मी पुस्तक बाजूला ठेवून मावशीला फोन केला. ती म्हणाली डावीकडे. पण ती तर जन्मलीच इथे.

फाळणी आणि बोस्निया एकच असं मी म्हणत नाहीये. कट्ट्यावर कुणीतरी म्हणेलच, तेव्हा पुस्तकाकडे परत आणा, नाहीतर गाडी फाळणीवर जाऊन तिथेच उभी राहील.

इंजिनरूम

कोपरीवाले, तुमच्या आजीसाठी आणखी एक नाव. फारुक शेहिच, 'क्वाएट फ्लोज द ऊना'. हा स्वतः बोस्नियाच्या सैन्यात लढलेला. निवेदक माजी सैनिक, जत्रेतला एक फकीर त्याला संमोहित करतो आणि तो लहानपणच्या नदीत उतरतो. मासे, शेवाळ, आजीचं घर. लढाईची पानं कमी आहेत पण अंगावर येतात. गोष्ट अशी फारशी नाही, त्यामुळे कट्ट्यासाठी सुचवत नाही. एकट्याने, पावसाळ्यात वाचायचं पुस्तक.

नेरूळकरीण

सगळ्यांचे आभार, वाचनखूण साठवली. असं ठरवलंय: या महिन्यात 'सारायेव्हो मार्लबोरो'मधल्या निवडुंगाची आणि ग्रंथालयाची कथा, अधिक हेमोनची 'अ कॉइन'. पुढच्या महिन्यात बास्ताशिच, कारण गाडीतून भांडत जाणाऱ्या दोन मैत्रिणी म्हटल्यावर सगळ्या एकदम तयार झाल्या. स्तानिशिच त्यानंतर.

सरांना आन्द्रिच दिलाय. त्यांनी तो आधीच वाचायला घेतलाय आणि सुळाचं प्रकरण कुठल्या पानापासून कुठल्या पानापर्यंत वगळायचं त्याचा नवा तक्ता करताहेत.

इंजिनरूम काका, लाझारेव्स्काचं पुस्तक नक्की हवंय. रविवारी ठाणे-नेरूळ लोकलने मीच येते, तुम्ही स्टेशनवर कुठल्या बाजूला सोयीचे?

इंजिनरूम

पश्चिमेला, तिकीट खिडकीपाशी, अकरा वाजता. पेन्सिलच्या खुणा आहेत, खोडू नका.